तिनं तवा का हाणला?

मी सिनेमात काम केलं असं सांगितलं की माणसं आधी माझ्या तोंडाकडे बघतात, मग पायातल्या चपलांकडे. परवा दवाखान्यातल्या पोरीनं विचारलं, "कोणत्या हिरोसोबत, आजी?" म्हटलं, हिरो नाही गं, पडणारी माणसं. शिडीवरून पडणारी, चिखलात पडणारी, स्वतःच्याच पाटलोणीत पाय अडकून पडणारी. ती पडायची आणि मी बोलायची. एवढंच माझं सिनेमातलं काम.

अंकवाल्यांचा निरोप आला, की आजी, त्या मुक्या सिनेमाच्या गमती लिहा, दिवाळीला लोकांना हसायला हवं असतं. लिहिते. चौथीपर्यंत शाळा झाली, पुढचं वाचायला-लिहायला माझं मीच शिकले, भजी बांधून आलेल्या कागदांवर. म्हणून बोलते तसंच लिहीन. हसू किती येईल ते मात्र विचारू नका. हलवायाच्या घरी कुणी आवडीनं मिठाई खातं का?

आता आधी हे मुक्या सिनेमाचं सांगते, म्हणजे पुढे अडायला नको. आमची तंबू टॉकीज होती. आमची म्हणजे शेठची. आमचे हे त्या तंबूत ऑपरेटर होते, म्हणजे मशीन चालवणारे. तेव्हा नंदुरबार काही जिल्हा नव्हता, सगळं धुळ्यातच. पावसाळा सोडून बाकी वर्षभर आमचा तंबू बाजारगावांतून फिरायचा. कधी रनाळ्याच्या अंगाला, कधी तळोद्याकडे, आणि ट्रक चढेल तिथपर्यंत सातपुड्यात वर. कनात ठोकायची, पडदा ताणायचा, मध्ये एक जाड दोरी. दोरीच्या उजवीकडे पुरुष, डावीकडे बाया.

शेठनं सुरतेच्या भंगारातून एक मशीन आणलं, त्याच्याबरोबर रिळांचं एक गाठोडं फुकटात आलं. गोऱ्या लोकांच्या फार जुन्या, लहान लहान चित्रपटांची रिळं. आवाजच नाही. एक जाडा पोलीस, एक वाळका शिडीवाला, एक खानावळवाला, आणि त्यांची पळापळ. मध्येच इंग्रजीत पाटी यायची, ती आम्हाला कुणालाच वाचता यायची नाही. माणसं पळायची तीही लगीनघाई असल्यासारखी. कारण ते चित्र काढताना यंत्र हळू फिरवलेलं, आणि आमचं मशीन बोलपटाच्या वेगाचं. त्यामुळे त्यातला म्हातारासुद्धा खारीसारखा तुरुतुरु जायचा.

शेठचा विचार एवढाच, की मोठा सिनेमा लागेपर्यंत गर्दी बसवून ठेवायला ही रिळं बरी. पण डोंगरातल्या गावांत उलटंच झालं. तिथल्या माणसांना हिंदी बोलपट कळायचाच नाही. घरात भिली, पावरी, आणि पडद्यावर नायक हिंदीतून आईची शपथ घेतोय. माणसं जांभया द्यायची. पण शिडीवाला शिडी घेऊन वळला आणि शिडीचं दुसरं टोक पोलिसाच्या कानशिलात बसलं की अख्खा तंबू हलायचा. त्याला भाषा कशाला लागते? आम्ही त्यांना 'पडापडीची रिळं' म्हणायचो. बघता बघता तीच आमचा मोठा खेळ झाली.

माईकवर आधी शेठचा भाचा होता. तो रेडिओसारखा बोलायचा. "देवियों और सज्जनों, अब देखिए!" देवियां कसल्या बघतात, त्या पोरांना दूध पाजत बसायच्या. एकदा त्याला ताप भरला. गर्दी जमलेली, शेठ हात चोळतोय. माझं माहेर डोंगराच्या पायथ्याचं, वडील लाकडाच्या डेपोवर राखणदार, त्यामुळे पावऱ्यांच्या पोरींत खेळून त्यांची भाषा मला दुधाबरोबर आलेली. आणि अहिराणी तर घरचीच. आमचे हे शेठला म्हणाले, "हाई बोलस ना दिवसभर मन्हं डोकं खाईसन. तिले माईक द्या, मन्हं डोकं तरी वाचई."

अशी मी माईकवर आले. नवऱ्याच्या थट्टेतून. पहिल्या खेळाला काय बोलायचं ते काही ठरवलेलं नव्हतं. पण जाडा पोलीस पडद्यावर आला आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "देखा वं माय, फौजदार मामा उनात! पोट आधी उनं, मामा मांगून येतस!" झालं. त्या दिवसानंतर भाच्याला कुणी माईक दिला नाही.

मग मी सगळ्यांना नावं दिली. पोलीस तो फौजदार मामा, वाळका तो शिडीभाऊ. वर डोंगरात गेले की हीच माणसं पावरी बोलायची, खाली आली की अहिराणी. त्या इंग्रजी पाट्या आल्या की मी म्हणायची, "ही पाटी शेठनी लावेल शे, बिड्या पिऊ नका." आणि तंबूतले सगळे खरोखर बिड्या विझवायचे. गाणं नाही, बाजा नाही, फक्त मशीनचा खडखडाट आणि माझा घसा. एवढ्यावर माणसं हसून हसून एकमेकांच्या मांडीवर पडायची. अभिमान वाटायचा, खोटं कशाला बोलू? अजूनही वाटतो.

आता धंद्यातली एक गोष्ट सांगते, तिच्यावाचून पुढचं समजणार नाही. फिल्मच्या पट्टीला कडेनं भोकं असतात. मशीनचे दात त्या भोकांत बसतात आणि पट्टी पुढे ओढतात. पट्टी जुनी झाली की कडक होते, भोकं फाटतात, रीळ तुटतं. मग फाटलेला तुकडा कापायचा, दोन टोकं ब्लेडनं खरवडायची, नखपॉलिशसारख्या वासाचं औषध लावायचं आणि दाबून धरायची. जोडलं गेलं, पण तेवढा सिनेमा कायमचा गेला. हे जोडायचं आणि रीळ उलट गुंडाळायचं काम मी सकाळी करायची, भाकऱ्या झाल्या की.

आमच्या मशीनला एक उलटी कळ होती. ती दाबली की चित्र मागे चालायचं. पडलेला माणूस उठून हवेतून शिडीवर जाऊन बसायचा. लोकांना त्याचं वेड. एखादी जागा आवडली की ओरडा व्हायचा, "आखो! आखो एकदाव दखाड!" म्हणजे, आणखी एकदा दाखव! आमचे हे उलटी कळ दाबायचे, पुन्हा सुलटी, पुन्हा उलटी. आणि प्रत्येक वेळी तेवढ्याच जागेची भोकं घासायची. म्हणजे बघा, रिळातली जी जागा लोकांना जास्त आवडेल तीच आधी मरायची. नावडते भाग आमच्याकडे शेवटपर्यंत नवेकोरे होते. देवाघरचा न्यायसुद्धा असाच असेल असं मला तेव्हा वाटायचं.

या उलट्या कळीचं एक गिऱ्हाईक मी विसरत नाही. तोरणमाळच्या चढाखाली एका बाजारगावात तंबू होता. एक पावरा म्हातारा रोज यायचा. शिडीभाऊ पडला की सगळे हसायचे, हा मान खाली घालायचा. चौथ्या की पाचव्या दिवशी तो दुपारीच मशीनपाशी आला. आमच्या ह्यांना भाषा येईना, मला हाक मारली. म्हातारा मला म्हणाला, "बाई, याला सांग, त्या माणसाला पाडू नको. नुसता उठव." मी म्हटलं, बाबा, पडल्याशिवाय उठणार कसा? तर म्हणाला, "माझा पोरगा सुरतेला इमारतीवर होता. तो पडला ते मी पाहिलंच नाही, मला तर नुसतं सांगितलं. पडलेलं कशाला बघू? उठतो तेवढं दाखव."

मी ह्यांना सांगितलं. भर दुपारी, रिकाम्या तंबूत, कनातीच्या फटींतून ऊन येतंय, पडद्यावर धड काही दिसत नाही, अशात त्यांनी त्या म्हाताऱ्यासाठी रीळ चढवलं आणि पडण्याची जागा उलटी चालवली. माणूस जमिनीवरून उठतो, हवेत जातो, शिडीवर उभा राहतो. पुन्हा उठतो. रीळ तिथं फाटेपर्यंत ह्यांनी ते चालवलं. मी माईकही हातात घेतला नाही. म्हातारा उठून गेला तेव्हा आमच्या ह्यांनी त्याला तंबाखू मळून दिली.

हे मुद्दाम सांगते. पुढचं वाचून तुम्हाला वाटेल, माणूस दगड होता. नव्हता.

आता नंदुरबारची गोष्ट. थंडीत मिरचीचा हंगाम सुरू झाला की आमचा तंबू मिरचीच्या पथारींजवळ लागायचा. पथारी म्हणजे ओल्या लाल मिरच्या वाळत घालायचं मोठं मैदान. लांबून बघावं तर जमिनीला लाल लुगडं नेसवलंय असं वाटतं, आणि जवळ जावं तर शिंका. शेकडो बाया दिवसभर तिथं बसून मिरच्यांची देठं खुडायच्या. हातांची आग आग व्हायची. संध्याकाळी त्या तशाच आमच्या तंबूत यायच्या. त्यांना एकच अडचण, हसून डोळ्यांत पाणी आलं की पुसायची सोय नाही. हात डोळ्याला लागला की मेलीच. म्हणून मी खेळ सुरू करतानाच माईकवरून सांगायची, "बायाहो, हासा, पन डोयाले हात लावू नका!" आणि बाया गालांवरून पाणी ओघळत ठेवून हसायच्या. तसलं हसणं मी दुसरीकडे कुठं पाहिलं नाही.

त्यांचं आवडतं रीळ खानावळीचं. त्यात खानावळवाला आणि त्याची बायको. बायको धिप्पाड, डोक्यावर पिसाची टोपी. मी तिचं नाव ठेवलं मथुराक्का. शेवटी शेवटी मथुराक्का लोखंडी तवा उचलते आणि नवऱ्याच्या टाळक्यात हाणते. नवरा गिरकी घेतो, डोळे फिरवतो आणि पिंपात पडतो. एवढंच.

पहिल्याच खेळाला तवा बसला, आणि बायांच्या बाजूनं कुणीतरी मला ओरडून विचारलं, "ओ माईकवाली! कसाले मारं तिनी?"

का मारलं, मला तरी काय माहीत? ते त्या इंग्रजी पाटीवर लिहिलं असेल. मी माईकवरून म्हटलं, "माले काय इचारतीस? तुम्हीच सांगा, कसाले मारं!"

मग मागून एका म्हातारीचा आवाज आला, "दारू पीसन उना म्हनीसन!"

हसण्याचा असा लोट उठला की कनात फुगली. "आखो!" आमच्या ह्यांनी उलटी कळ दाबली. नवरा पिंपातून वर आला, तवा मागे गेला. सुलटी केली. तवा हाणला. दुसरी ओरडली, "मन्ह्या बाया इक्या म्हनीसन!" हातातल्या बांगड्या, आमच्याकडे त्यांनाही 'बाया' म्हणतात. पुन्हा उलटं, पुन्हा सुलटं. "मन्ही मायले शिवी दिन्ही म्हनीसन!" "पोरगी व्हयनी म्हनीसन दवाखानामा उना नही!"

असा तो रिवाजच पडला. खानावळीचं रीळ लागलं की तवा, आणि एकेका तव्याला एकेक कारण. नाव कुणी कुणाचं घ्यायचं नाही, मथुराक्काच्या नवऱ्याच्या नावावर सगळं खपायचं. पण दोरीच्या पलीकडे नवरे बसलेले असायचे ना! कुणाचं कारण ते त्याला बरोब्बर कळायचं. पलीकडेही हसायचे, पण एखादा मध्येच हसायचा थांबायचा. माईकवर बोलता बोलता मी बघायची ते तेवढंच, कोण थांबला.

तुम्ही म्हणाल, त्यानं काय होतं? काही होत नाही. दारू सुटत नाही, विकलेल्या बांगड्या परत येत नाहीत. पण एक बाई मला म्हणाली होती, "घर बोलनू तर मार पडस. अठे बोलनू तर लोके हासतस, आनि त्याले बी हासनं पडस." त्यालाही हसावं लागतं. हे काही थोडं नाही.

त्या बायांत रुखमा नावाची एक होती. अंगानं किडकिडीत, दोरीला अगदी लागून बसायची. तिचा नवरा हिंमत, बाजारसमितीत हमाल, आणि आमच्या ह्यांचा चहाटपरीवरचा दोस्त. बाकीच्या बाया रुखमाला कोपरानं ढोसायच्या, "तू बी सांग ना वं!" ती मान हलवायची. हसायची पण नाही धड. नुसती तव्याकडे बघायची. तिच्या मनात काय होतं ते पथारीवर कुणालाच ठाऊक नव्हतं. अंगावर मार दिसायचा नाही. हिंमत दारू प्यायचा नाही. बाया म्हणायच्या, हिला कसलं दुःख, हिचा नवरा तर गाय आहे.

एके दिवशी मी दुपारी पाणी आणायला पथारीवरून चालले होते. रुखमानं मला हाताला धरून खाली बसवलं. तिचा हात गरम निखाऱ्यासारखा. म्हणाली, "माईकवाली, आज मी सांगसू."

मी म्हटलं, "सांग की! काय सांगशीन?"

"तव्हाच आयकजो."

"मंग मी तुन्हाकरता तवा दोनदाव माराले लावसू."

ती हसली. मग जरा वेळानं म्हणाली, "माले भ्याव वाटस. पन आज सांगसूच." आजूबाजूच्या बायांनी ऐकलं आणि पथारीभर बातमी झाली. आज रुखमा बोलनार. बायांना खेळाची एवढी घाई झालेली मी कधी पाहिली नाही. संध्याकाळी दोरीच्या डावीकडे बसायला जागा उरली नाही. हिंमत पलीकडे होता, टोपी मांडीवर घेऊन.

खानावळीचं रीळ लागलं. मी बोलतेय, फौजदार मामा येऊन गेले, मथुराक्का रागावली. रुखमा गुडघ्यावर उठली. मथुराक्कानं तवा उचलला.

आणि नवरा पिंपात होता.

तवा वर, आणि पुढच्याच क्षणाला नवरा पिंपात. मधलं सगळं गायब. मारणं नाही, गिरकी नाही, पडणं नाही. बाया आधी गोंधळल्या, मग ओरडल्या, "आखो! आखो!" आमच्या ह्यांनी उलटं केलं, सुलटं केलं. पुन्हा तेच. तवा वर, नवरा पिंपात. रुखमाचं तोंड उघडं होतं. मी माईकवरून काहीतरी बोलले, "मथुराक्काना हात इतला चपळ, की दिसनाच नही!" पुरुषांच्या बाजूनं हसू आलं. रुखमानं तोंड मिटलं आणि खाली बसली. मग रीळ संपलं.

मला वाटलं तुटलं असेल. जागा आवडती, भोकं घासलेली, कधीतरी जाणारच होती. दुसऱ्या दिवशी सकाळी रीळ गुंडाळायला घेतलं, त्या जागेवर आले आणि थांबले. फाटलेल्या रिळाचा तुकडा कापला की अलीकडची-पलीकडची भोकंही खराब दिसतात, कुरतडल्यासारखी. इथं दोन्ही टोकांची भोकं चांगली शाबूत होती. कात्रीनं सरळ कापलेलं, नीट जोडलेलं. आणि ते जोडणं माझं नव्हतं. मी जोडते तेव्हा औषध जरा बाहेर येतं. हे स्वच्छ होतं.

आमचे हे तंबूबाहेर मशीनचा लोखंडी डबा पुसत बसले होते. मी रीळ हातात घेऊनच गेले.

"संजूना बाबा, हाई कोनी कापं?"

त्यांनी वर बघितलं नाही. "मी."

"शेठनी सांगं?"

"नही."

"मंग कोनी सांगं?"

"कोनीच नही सांगं. माले नको व्हतं ते."

मी तिथंच मातीत बसले. म्हटलं, काबरं? तर म्हणाले, "टपरीवर बठाले जागा नही ऱ्हायनी. जो तो इचारस, ऑपरेटर, घर बायको काय खावाडस, भाकर का तवा? मन्हा नाववर हासतस लोके."

"आपला धंदाच शे तो, लोकेस्ले हासाडाना."

"पडदावरना मानुसवर. मन्हावर नही."

ते पुन्हा डबा पुसायला लागले. मग मी विचारलं, "पन कालदीच कसं कापं? कालदी रुखमा बोलनार व्हती." तेव्हा त्यांचा हात थांबला. म्हणाले, "हिंमत उना व्हता दुपारले. मन्हा पाय धरात त्यानी. म्हने, आज मन्ही बोलनी तर उद्या तुन्ही बी बोली. माईक तर तिन्हाच हातमा शे."

मला हसूच आलं. म्हणजे ह्यांना भीती माझी! मी काय सांगणार होते हो? आमच्या ह्यांनी मला कधी बोट लावलं नाही, दारू नाही, बाहेरचं काही नाही. माईकसुद्धा त्यांनीच हातात दिला. त्या दिवसापर्यंत माझ्याकडे तव्याला द्यायला एकही कारण नव्हतं. त्या सकाळी मिळालं.

"तो तुकडा कोठे शे?" मी विचारलं. हात लावून बघायचं होतं. त्यांनी चुलीकडे बोट दाखवलं. चुलीत राख होती आणि राखेत काळा चिकट गोळा.

मी पुढेही माईकवर बोलत राहिले. तंबू काही एका तव्यावर चालत नाही. पण नंदुरबारच्या बाया कमी झाल्या, मग येईनाशाच झाल्या. शेठ म्हणाला, हवा पडली. नंतर व्हिडिओ आला, गावोगाव टीव्ही भाड्यानं मिळायला लागले, तंबू मोडला, रिळं कुठल्या गोदामात सडली देव जाणे. ह्यांनी पुढे पिठाची गिरणी चालवली. संसार झाला, आमच्या पोराचं, संजूचं, लग्न झालं, नातवंडं झाली. भांडण म्हणून आमचं कधी झालंच नाही. बाहेरून बघणारा म्हणेल, काय जोडा आहे.

आता आमचे हे खाटेवर असतात, गुडघे गेलेत. नातू त्यांच्या हातात मोबाईल देऊन शाळेत जातो. त्यावर दिवसभर पडापडी. कुठे कुणी सायकलवरून पडतोय, कुणी लग्नात खुर्चीवरून. हे खदाखदा हसतात आणि मला हाक मारतात, "ये वं, देख, कसा पडना! बोल ना जरा, पहिलासारखी!" मी म्हणते, भाकर जळेल. चूल विझलेली असली तरी तेच म्हणते. त्यांना काही उमगलंय का, मला माहीत नाही. मी सांगितलेलं नाही, आणि ते हे वाचणार नाहीत, डोळ्यांना दिसत नाही. सून वाचून दाखवेल तर दाखवू दे.

रुखमाचं राहिलं.

त्या गोष्टीनंतरच्या हंगामात आम्ही परत नंदुरबारला आलो. तंबू उभा राहायच्या आधीच मी पथारीवर गेले. ती होती. तशीच किडकिडीत, डोक्याला फडकं, समोर मिरच्यांचा ढीग. मी शेजारी बसले आणि देठं खुडायला लागले. तिनं बघितलं, नको म्हणाली नाही. पोरं कशी आहेत, हिंमत कसा आहे, असं इकडचं तिकडचं झालं. हिंमतला बढती मिळालेली, तो आता तोलाईवर, काट्यापाशी होता. मग मी म्हटलं, "रुखमा, त्या दिवसले तू काय सांगनार व्हतीस? आते सांग. माले एकलीले सांग. मी कोनले सांगाव नही."

तिचे हात चालूच. देठ इकडे, मिरची तिकडे.

"तुले सांगीसन काय करू?"

"मन तरी हलकं व्हई."

"मन हलकं कराले नव्हतं सांगानं," ती म्हणाली. "त्याले आयकाडानं व्हतं. सगळ्या बाया हासत व्हत्यात ना, त्या हासामा सांगी टाकनारी व्हतू. त्याले बी हासनं पडतं. आते असं सुकं सुकं कसं सांगू?"

मी पुढची मिरची उचलली. हातांची आग व्हायला लागली होती. मी तरी उठले नाही. मुकादमानं हाक मारली तशी ती उठली, फडकं झटकलं आणि दुसऱ्या ढिगाकडे गेली. जाताना माझ्या पुढ्यातली मिरची बघून म्हणाली, "माईकवाली, देठ आख्खा काढाना ऱ्हास. अर्धा ठेवना तर मुकादम बोलस."

मी तो ढीग पुरा केला, आख्खी देठं काढून. ती काय सांगणार होती, ते मला आजपर्यंत कळलेलं नाही.